दोन घरांचे एक घर : पुनर्विवाह आणि विनोदी चित्रपट

पत्नीच्या निधनानंतर दुसऱ्यांदा बोहल्यावर चढणाऱ्या पुरुषाला मराठीत ‘बिजवर’ म्हणत, पण त्याच्या लग्नाला लग्नच म्हणत. विधवेच्या पुनर्विवाहाला मात्र, तो ज्या समाजांत रूढ होता तेथेही, ‘पाट’ किंवा ‘मोहतूर’ असे वेगळे आणि कमी प्रतिष्ठेचे नाव होते. १८५६ च्या हिंदू विधवा पुनर्विवाह कायद्याने असा विवाह वैध ठरवला, तरी त्याच कायद्यानुसार पुनर्विवाह करताच पहिल्या पतीच्या मालमत्तेवरील तिचा हक्क ती जणू मृत झाली असावी तसा संपे आणि मुलांचे पालकत्व आपल्याकडे यावे म्हणून पतीच्या नातलगांना न्यायालयात जाता येई. म्हणजे दोन भरली घरे एक होण्याची वाट कायद्यानेच अरुंद करून ठेवली होती.

सुधारकांच्या उदाहरणांतही हे एकत्रीकरण बहुधा एकतर्फीच दिसते. धोंडो केशव कर्वे यांनी १८९३ साली गोदूबाईंशी विवाह केला, तेव्हा पहिल्या पत्नीपासूनचा मुलगा रघुनाथ त्यांच्याकडे होता; गोदूबाई मात्र बालविधवा होत्या. प्रभातच्या ‘कुंकू’मध्ये (१९३७) प्रौढ मुले असलेला विधुर वकील तरुण नीराशी लग्न करतो आणि शकुंतला परांजपे यांनी साकारलेली त्याची मुलगी सावत्र आईच्या बाजूने उभी राहते, सावत्रपणाच्या रूढ कल्पनेला एवढा स्वच्छ छेद देणारा प्रसंग त्या काळात विरळाच, पण चित्रपटाचा शेवट शोकान्त आहे.

हा विषय हसत मांडण्याची वाट अमेरिकेतून आली. दहा मुलांचे वडील फ्रँक बिअर्डस्ली आणि आठ मुलांची आई हेलन नॉर्थ यांचा विवाह १९६१ मध्ये झाला. हेलन यांच्या पुस्तकावरून ‘युअर्स, माइन अँड अवर्स’ हा ल्युसिल बॉल व हेन्री फोंडा यांचा चित्रपट १९६८ साली आला. बासू चॅटर्जी यांनी ‘खट्टा मीठा’मध्ये (१९७८) हीच कल्पना मुंबईच्या पारशी कुटुंबांत आणली : चार मुलांचा विधुर होमी मिस्त्री (अशोककुमार) आणि तीन मुलांची विधवा नर्गिस सेठना (पर्ल पदमसी). पारशी विवाहांना स्वतंत्र कायदा असल्याने १८५६ चा कायदा त्यांना लागू नव्हता. शिवाय हिंदू विधवेची कथा असती तर ती पुन्हा सुधारणेच्या वादाकडे वळली असती, येथे ती थेट जागेच्या, सवयींच्या आणि पैशांच्या ओढाताणीवर येते, आणि हेच या चित्रपटाचे खरे बळ आहे.

पुढे ‘गोलमाल ३’ने (२०१०) ही कल्पना गोव्यात नेली, तेथे मुलांच्या मारामारीपुढे आईवडील मागे पडले. मराठीत ‘अग्गंबाई सासूबाई’ या मालिकेने (२०१९) सुनेच्या पुढाकाराने सासूचे लग्न लावले. निवेदिता सराफ यांच्या आसावरीची घुसमट तीत मनापासून मांडली आहे, पण तिच्या नव्या जोडीदाराकडे मुलेच नाहीत. ही वाट अरुंद करणारा १८५६ चा कायदाही १९८३ साली रद्द झाला. दोन्हीकडची मुले घेऊन एका उंबरठ्याआत येणाऱ्या विधवा-विधुरांची खास मराठी विनोदी कथा आता मराठी लेखक-दिग्दर्शकांनी हाती घ्यावी.