सरकीएवढ्या वस्तूचे अर्थकारण

कापूस बाजारात यायला नुकती सुरुवात झाली होती, त्या दिवसांतली गोष्ट. औद्योगिक धोरणावरचा तास संपवून मी वर्गाबाहेर पडत होतो. दारव्ह्याकडच्या खेड्यातून येणारा एक विद्यार्थी मागोमाग आला आणि म्हणाला, "सर, चिपच्या कारखान्याले सरकार अर्धा पैसा देते म्हंता. मंग आमच्या कापसाले भाव द्याची येळ आली का हात काऊन आखडते?"

प्रश्न सरळ होता. उत्तर तितके सरळ नव्हते आणि पुढच्या तासाची घंटा तर झालेली. तेव्हा राहून गेलेले उत्तर आज सवडीने द्यावे म्हणतो. हा प्रश्न त्या एकट्याचा नाही. कर भरणाऱ्या कोणालाही तो विचारण्याचा हक्क आहे.

आधी ही चिप म्हणजे काय ते पाहू. तांब्याच्या तारेतून वीज सहज वाहते, काचेतून वाहत नाही. सिलिकॉन हा पदार्थ या दोहोंच्या मधला. त्यात दुसऱ्या मूलद्रव्याचा किंचित अंश मिसळला म्हणजे वीज केव्हा वाहावी आणि केव्हा अडावी हे आपल्याला ठरविता येते. म्हणून त्याला अर्धवाहक म्हणतात. आपल्या घरात अर्धवाहक पहिल्याने आला तो ट्रान्झिस्टर रेडिओच्या रूपाने. बंगळूरच्या भारत इलेक्ट्रॉनिक्स या सरकारी कारखान्यात १९६२ साली जर्मेनियम या धातूसारख्या पदार्थाचे अर्धवाहक बनू लागले. त्या काळच्या रेडिओत सहा-सात ट्रान्झिस्टर असले तरी पुरत. आज सरकीएवढ्या एका चिपवर ते कोट्यवधींनी बसतात. मोबाईल, मोटारगाडी, विजेचे मीटर, दवाखान्यातली यंत्रे, शेतातल्या पंपाचा स्वयंचलित स्टार्टर या सर्वांच्या पोटात ती असते.

चिप एकेक करून बनत नाही. शुद्ध सिलिकॉनची एक पातळ, गोल चकती घेतात. तिला वेफर म्हणतात. वेफर काय आणि चिप काय, दोन्ही शब्द फरसाणाच्या दुकानातले वाटतात खरे! तीनशे मिलिमीटर व्यासाच्या, म्हणजे साधारण जेवणाच्या ताटाएवढ्या या चकतीवर एकाच वेळी शेकडो, कधी हजारो चिपा कोरल्या जातात. त्यासाठी तिच्यावर कित्येक शे क्रिया एकापाठोपाठ एक कराव्या लागतात, आणि एक चकती कारखान्यात शिरल्यापासून बाहेर पडेपर्यंत सुमारे तीन महिने जातात. त्यानंतर ती कापायची, एकेक चिप वेष्टनात बसवायची आणि तपासायची.

आता अर्थशास्त्राकडे येऊ. आपल्या ओळखीचा कारखाना म्हणजे जिनिंग. एक क्विंटल कापूस वटला की साधारण एक तृतीयांश रुई मिळते. उरलेली बहुतेक सरकी. दोन तृतीयांश वजन दूरवर वाहून नेण्यात काय अर्थ? म्हणून जिनिंग कापसाच्या गावीच उभे राहते. कच्च्या मालाचे वजन ज्या धंद्यात घटते, तो धंदा कच्च्या मालाजवळ राहतो, असा नियम आल्फ्रेड वेबर या जर्मन अर्थशास्त्रज्ञाने १९०९ साली मांडला. आपली मूर्तिजापूर–यवतमाळ अरुंदमापी रेल्वे, जिला आपण प्रेमाने शकुंतला म्हणतो, ती विसाव्या शतकाच्या आरंभी घातली गेली ती कापसासाठीच. इथल्या गाठी मुंबईला जात आणि तिथून मँचेस्टरला. रुई करण्याचे काम गावात झाले. सूत, कापड आणि त्यांतला नफा मात्र दूर गेला.

चिपच्या बाबतीत वेबरसाहेबांचा नियम लागू पडत नाही. सिलिकॉन वाळूत, गारगोटीत भरपूर आहे. म्हणून "पैनगंगेत वाळू आहे, मग कारखाना इथेच का नाही?" असे विचारून भागत नाही. कोरी चकती काही हजार रुपयांना मिळते. कोरून झाल्यावर तिची किंमत लाखांत जाते. मधला फरक मातीचा नाही. तो यंत्रांचा, वेळेचा आणि हाताच्या सरावाचा आहे. माल हलका, म्हणून तो विमानाने जगभर फिरतो.

यंत्रांचा खर्च किती, याचा हिशेब आपल्याच देशातल्या उदाहरणावरून करू. गुजरातेत धोलेरा येथे टाटा कंपनी तैवानच्या पॉवरचिप कंपनीच्या तंत्रसाहाय्याने चिपचा कारखाना उभारत आहे. केंद्र सरकारने त्याला २०२४ च्या फेब्रुवारीत मंजुरी दिली. भांडवल ९१,००० कोटी रुपये. क्षमता महिन्याला ५०,००० चकत्या, म्हणजे वर्षाला सहा लाख. हे भांडवल दहा वर्षांत वसूल करावयाचे म्हटले, तरी वर्षाला ९,१०० कोटी होतात. त्याला सहा लाखांनी भागा. एका चकतीवर सुमारे दीड लाख रुपये नुसत्या भांडवलाचे पडले! व्याज, वीज, पाणी, रसायने, पगार हे सारे वेगळे. आता समजा, गिऱ्हाईक कमी मिळाले आणि कारखाना निम्म्याने चालला. यंत्रे तर तेवढीच आहेत. तेव्हा चकतीमागे दीडाचे तीन लाख झाले. जिनिंगवाला हंगाम संपला की कुलूप लावून बसू शकतो. चिपच्या कारखान्याला ती चैन परवडत नाही. तो रात्रंदिवस, बारा महिने, भरल्या ताटाने चालला तरच चालतो.

दुसरी गोष्ट उताऱ्याची. कापसाचा उतारा म्हणजे काय हे यवतमाळ जिल्ह्यात कोणाला समजावून सांगावे लागत नाही. चिपचाही उतारा असतो. एका चकतीवर हजार चिपा कोरल्या, त्यांतल्या चालणाऱ्या किती? समजा, चकतीचा सगळा खर्च २,७०,००० रुपये आला. नऊशे चिपा चांगल्या निघाल्या तर एक चिप तीनशेला पडली. साडेचारशेच निघाल्या तर तीच सहाशेला पडली. खर्च तोच, माल निम्मा. धुळीचा एक कण बसला तर चिप जाते. वीज क्षणभर गेली तर यंत्रात असलेल्या चकत्या जाऊ शकतात. २०२१ च्या फेब्रुवारीत अमेरिकेतल्या टेक्सासमध्ये थंडीच्या वादळाने वीज तुटली, तेव्हा सॅमसंगच्या ऑस्टिन येथील कारखान्याची घडी पुन्हा बसायला महिन्याहून अधिक काळ गेला. भारनियमनाची सवय झालेल्या आपल्या मंडळींनी हे लक्षात घ्यावे. असा कारखाना कोठे उभा राहतो आणि कोठे राहत नाही, याचे अर्धे उत्तर यात आहे.

नव्या कारखान्याचा उतारा सुरुवातीला कमीच असतो. तो अनुभवाने वाढतो. हा अनुभव पुस्तकात मिळत नाही आणि बाजारात विकतही मिळत नाही. म्हणून जो आधी शिकला तो स्वस्त विकतो, आणि मागून येणाऱ्याला शिकण्याच्या काळात तोटाच सोसावा लागतो. तो कोणी सोसायचा? इथे सरकारचा प्रश्न येतो.

तैवानचे उदाहरण पाहा. तिथे १९८७ साली मॉरिस चँग यांनी टीएसएमसी ही कंपनी काढली. तिच्या आरंभीच्या भांडवलात जवळजवळ निम्मा वाटा तिथल्या सरकारचा होता. कंपनीने ठरविले की, आपण स्वतःच्या चिपा आखायच्या नाहीत. इतरांच्या आराखड्याप्रमाणे बनवून द्यायच्या. आपण जिनमध्ये आपला कापूस नेऊन वटणावळ देतो ना, तसाच हा प्रकार. अनेकांचे काम एका ठिकाणी आले, त्यामुळे यंत्रे रिकामी राहिली नाहीत. यंत्रे चालली म्हणून हात बसला. हात बसला म्हणून उतारा वाढला.

आपली स्थिती याच्या उलट झाली. चिपा आखणारे अभियंते आपल्याकडे पुष्कळ. जगातल्या अशा अभियंत्यांपैकी सुमारे पाचवा हिस्सा भारतात आहे, असे सरकार सांगते. पण त्यांतले बहुतेक परदेशी कंपन्यांसाठी आखतात. बनविण्याचे काम बाहेर, चिपा बाहेरून. मग कमी काय आहे? कमी आहे ती मधली कडी.

ती जोडण्याचा प्रयत्न आपण पूर्वी केला नाही असे नाही. चंदिगडजवळ मोहाली येथे सरकारने सेमीकंडक्टर कॉम्प्लेक्स स्थापन केले. १९८४ साली तिथे उत्पादन सुरू झाले. १९८९ च्या फेब्रुवारीत तिथे मोठी आग लागली आणि पुन्हा उभे राहण्यात अनेक वर्षे गेली. या धंद्यात तंत्र दोन-तीन वर्षांत पुढे सरकते; थांबलेला माणूस जागच्या जागी राहत नाही, मागे पडतो. ती संस्था पुढे अंतराळ विभागाकडे गेली आणि उपग्रहांच्या, अग्निबाणांच्या कामी आली. अग्निबाणासाठी तिथे बनलेला 'विक्रम' हा प्रोसेसर २०२५ च्या सप्टेंबरात देशापुढे आला. काम मोलाचे आहे, पण बाजारातली पन्नास टक्के भूकही त्यातून भागणारी नाही; तो त्या कारखान्याचा हेतूही नव्हे.

महाराष्ट्राला आठवते ते तळेगावचे प्रकरण. वेदान्त आणि फॉक्सकॉन यांचा १,५४,००० कोटींचा प्रकल्प पुण्याजवळ तळेगावला येणार अशी चर्चा होती. २०२२ च्या सप्टेंबरात तो गुजरातेत जाणार असे जाहीर झाले आणि आपल्याकडे केवढा गदारोळ उठला! पण २०२३ च्या जुलैत फॉक्सकॉननेच अंग काढून घेतले, आणि ठरलेल्या रूपात तो कारखाना ना इकडे झाला ना तिकडे. जमीन, सवलती, करारावरच्या सह्या यांनी कारखाना होत नाही. चकती कोरून दाखविलेला जाणता भागीदार लागतो आणि माल उचलणारे गिऱ्हाईक लागते.

आता विद्यार्थ्याच्या प्रश्नाचा पूर्वार्ध. केंद्र सरकारने २०२१ च्या डिसेंबरात या उद्योगासाठी ७६,००० कोटींची योजना केली. चिपच्या कारखान्याला प्रकल्पखर्चाच्या निम्मी मदत केंद्र देते. राज्य वर आणखी देते. हे रोजगारासाठी म्हणाल तर हिशेब जमत नाही. धोलेऱ्याच्या कारखान्यातून प्रत्यक्ष-अप्रत्यक्ष मिळून वीस हजारांवर रोजगार होतील, असे कंपनी म्हणते. भांडवलाला त्याने भागले तर एका रोजगारामागे साडेचार कोटी येतात! तेवढ्या पैशात सूतगिरण्या काढल्या तर कितीतरी अधिक हातांना काम मिळेल.

मग समर्थन कशात आहे? २०२१ साली जगात चिपांचा तुटवडा पडला. महिंद्र कंपनीला त्या सप्टेंबरात आपल्या वाहन विभागाचे कारखाने सुमारे सात दिवस बंद राहतील असे जाहीर करावे लागले. लोखंड होते, कामगार होते, गिऱ्हाईक दारात होते; चिप नव्हती. लाखो रुपयांची गाडी सरकीएवढ्या वस्तूसाठी अडली. ही अडवणूक उद्या कोणी मुद्दाम केली तर? न्यायमूर्ती रानड्यांनी १८९२ साली पुण्याच्या डेक्कन कॉलेजात हिंदी अर्थशास्त्रावर व्याख्यान दिले. केवळ कच्चा माल पिकविणारा देश परावलंबी राहतो आणि उद्योग उभे करण्यात सरकारने हातभार लावला पाहिजे, हा त्यांचा आग्रह होता. मदत द्यावी, हे मला त्याच विचाराने पटते.

परंतु डोळे झाकून नव्हे. मदतीला मुदत हवी. तिचे माप इमारतीवरून नव्हे, उताऱ्यावरून घ्यावे. आणि इथल्या मोटारी, मीटर, यंत्रे बनविणाऱ्यांनी इथली चिप घेण्याची सोय आधी करावी. नाही तर नव्वद हजार कोटींची यंत्रे निम्म्याने चालतील आणि तोटा पुन्हा करदात्याच्या माथी येईल.

आणि कापूस? त्याला मदत मिळाली नाही असे म्हणता येणार नाही. १९७२ साली महाराष्ट्रात कापूस एकाधिकार खरेदी योजना सुरू झाली. तिने शेतकऱ्याला आधार दिला आणि सरकारला मोठा तोटाही. २०२५-२६ साठी लांब धाग्याच्या कापसाची आधारभूत किंमत क्विंटलला ८,११० रुपये ठरली. आणि त्याच २०२५ च्या ऑगस्टात परदेशी कापसावरचे ११ टक्के आयात शुल्क वर्षअखेरपर्यंत उठविले गेले. एका हाताने आधार द्यायचा आणि दुसऱ्या हाताने दार उघडायचे, याला धोरण कसे म्हणावे? त्या मुलाची तक्रार इथे खरी आहे. चिपला जे पाच-दहा वर्षांचे आश्वासन मिळते, ते कापसाला एका हंगामाचेही मिळत नाही. शिवाय खरेदीची मदत दरवर्षी खर्च होते; मागे गिरणी उरत नाही. यवतमाळजवळ लोहाऱ्याला डेनिमचे कापड विणले जाते, तसे दहा ठिकाणी झाले असते तर गाठीबरोबर गावचा नफा बाहेर गेला नसता.

म्हणून त्या विद्यार्थ्याला मी पुढच्या तासाला एवढेच सांगितले : "चिपच्या कारखान्याला दिलेला पैसा तुझ्या वाट्यातला आहे, तेव्हा त्याचा उतारा विचारीत राहा. आणि जी कसोटी तिकडे लावशील, तीच कापसालाही लाव." तो हसला. म्हणाला, "सर, तिकडं नोकरी लागते का पाह्यतो पयले." त्याचा धाकटा भाऊ तंत्रनिकेतनात इलेक्ट्रॉनिक्स शिकतो आहे. अशा कारखान्यांना पदवीधरांइतकेच पदविकाधारक लागतात. दोन भावांपैकी एकाच्या शेतात कापूस आणि दुसऱ्याच्या हातात चकती असली, तर दोन्ही उद्योगांचे हिशेब त्या घरात एकदमच मांडले जातील.