‘ब्लिंप’ म्हणजे नक्की काय? (आणि एका शब्दामुळे माझं प्रकरण कसं चुकलं)



इथे नेहमी येणाऱ्यांना माहीत आहेच की माझं पीएचडीचं काम चित्रपटांतल्या आवाजावर आहे. नव्या वाचकांसाठी थोडक्यात सांगते. पडद्यावर नट बोलतो तेव्हा आपल्याला ऐकू येणारा आवाज त्या क्षणाचा असतो, की नंतर स्टुडिओत भरलेला? आणि तसा का? हे मी शोधतेय.

आजचा लेख एका शब्दाबद्दल आहे: ब्लिंप. त्याचा अर्थ मला माहीत आहे अशी माझी खात्री होती, आणि तिथेच मी फसले.

झालं असं, की नव्वदच्या दशकाच्या शेवटी झालेल्या एका छोट्या मराठी चित्रपटाच्या भाड्याच्या सामानाचं चलन मला मिळालं. त्यात एका ओळीत लिहिलं होतं: ‘ब्लिंप – १’. मी वहीत लगेच नोंद केली की कॅमेरा आवाज करणारा होता आणि त्यावर पेटी चढवली होती. ही पेटी जड असते, म्हणजे ती फक्त घरातल्या प्रसंगांना वापरली असणार आणि माळावरचे सगळे प्रसंग नंतर डब केले असणार. यावर मी प्रकरणात चांगली दोन पानं लिहिली. ती दोन पानं चुकीची होती. का ते कळायला आधी हा शब्द नीट समजून घेऊ.

कॅमेरा आवाज का करतो?

आज फोनवर शूटिंग करणाऱ्याला हा प्रश्नच पडणार नाही. पण फिल्मचा कॅमेरा हे एक यंत्र आहे. ३५ मिमीची फिल्म त्यातून सरळ वाहत नाही. एक छोटा पंजा फिल्मच्या कडेच्या भोकांत अडकतो, तिला खाली ओढतो आणि सोडतो. फिल्म क्षणभर थांबते, चित्र उमटतं, मग पुन्हा ओढ. हे सेकंदाला २४ वेळा. मिनिटाला ९० फूट फिल्म अशी झटके खात पुढे जाते. वर मोटर, दातेरी चाकं आणि फिरतं शटर. एवढं सगळं चालू असताना खडखडाट होणारच.

मूकपटांच्या काळात याचं कोणाला काही वाटत नव्हतं. पण बोलपट आले आणि मायक्रोफोनला नटाइतकाच कॅमेराही ऐकू यायला लागला. हॉलिवूडने पहिला उपाय काढला तो असा, की कॅमेरा आणि कॅमेरामन दोघांनाही काच लावलेल्या बंद खोलीत कोंडायचं! आत हवा नाही, बाहेर दिव्यांची आग, आणि शॉट संपला की माणूस घामाने निथळत बाहेर यायचा. शिवाय खोलीत बंद केलेला कॅमेरा हलवणार कसा? म्हणून सुरुवातीचे बरेच बोलपट नाटकासारखे एकाच जागी बसल्यागत वाटतात.

मग कोणीतरी विचार केला की आवाज कॅमेरा करतो, माणूस नाही, तर फक्त कॅमेऱ्यालाच कोंडू या. कॅमेऱ्याभोवतीची ही आवाजबंद पेटी म्हणजे ब्लिंप. शब्द आला हवेत तरंगणाऱ्या फुगीर हवाई जहाजावरून. पेटी घातलेला कॅमेरा तसाच गुबगुबीत दिसायचा.

पेटी काम कशी करते?

घरातलं उदाहरण घेऊ. बाळ झोपलंय आणि तुम्हाला मिक्सर लावायचाय. मिक्सरवर जाड टॉवेल टाकलात तर आवाज थोडा कमी होतो. खाली रबराची चटई ठेवलीत तर ओट्याची थरथर जाते, आणखी थोडा कमी होतो. पण आतून जाड स्पंज लावलेल्या, नीट बंद होणाऱ्या लाकडी पेटीत मिक्सर ठेवलात तर फरक लगेच जाणवतो.

ब्लिंपमध्ये या तिन्ही गोष्टी असतात. बाहेरचं जड कवच आवाज अडवतं, आतलं मऊ अस्तर तो शोषून घेतं आणि रबरी आधारांमुळे कॅमेऱ्याची थरथर कवचापर्यंत पोचत नाही. यातली मेख म्हणजे फटी. खिडकी बोटभर उघडी राहिली तरी शेजारचा कुकर ऐकू येतो ना, तसंच. म्हणून लेन्ससमोर उत्तम दर्जाची सपाट काच बसवावी लागते, आणि फोकस फिरवायची सोय पेटीच्या बाहेर आणावी लागते. हे सगळं करताना वजन वाढत जातं.

टॉवेलवाल्या उपायालाही वेगळं नाव आहे: बार्नी. म्हणजे कॅमेऱ्यावर घालायचं जाड, मऊ आच्छादन. आपल्याकडे तेही नसेल तर काय? मी ज्यांच्याशी बोलले त्या एका जुन्या कॅमेरा असिस्टंट काकांनी हसत उत्तर दिलं, “बार्नी कसला, गोधडी टाकायचो आम्ही! उन्हाळ्यात कॅमेरामन शिव्या घालायचा.”

पुढे पेटी कॅमेऱ्याच्या अंगातच आली. १९३४ च्या सुमाराचा मिचेल बीएनसी हा त्यातला सगळ्यात नावाजलेला कॅमेरा. त्याच्या नावातला ‘बी’ म्हणजे ‘ब्लिंप्ड’. ‘सिटिझन केन’ (१९४१) याच जातीच्या कॅमेऱ्यावर चित्रित झाला. कॅमेरा शांत, पण वजनदार. स्टुडिओत उत्तम, डोंगरावर न्यायचा म्हणजे हमाली.

मग आपल्याकडे काय झालं?

इथे एक उलटी गोष्ट आहे. तंत्रज्ञान पुढे गेलं म्हणजे आवाज जास्त खरा होत गेला असेल, असं आपल्याला वाटतं. भारतात बराच काळ याच्या उलट घडलं.

पहिला भारतीय बोलपट ‘आलम आरा’ १४ मार्च १९३१ ला मुंबईत मॅजेस्टिक सिनेमात लागला. त्यातला आवाज सेटवरच मुद्रित केलेला होता. स्टुडिओजवळून रेल्वे जायची म्हणून बरंचसं चित्रण रात्री उशिरा करावं लागलं. पुढच्याच वर्षी प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’ आला. त्या काळातले स्टुडिओ चार भिंतींच्या आत, शांततेत काम करायचे आणि नट जे बोलायचा तेच प्रेक्षक ऐकायचे.

साठच्या दशकापासून चित्र पालटत गेलं. रंग आले, काश्मीर आलं, घाट आणि समुद्रकिनारे आले. या बाहेरच्या कामासाठी कॅमेरा हलका हवा होता, आणि तसा तो मिळाला: म्युनिकच्या आर्नोल्ड अँड रिख्टर कंपनीचा आरीफ्लेक्स. १९३७ च्या पहिल्या आरीफ्लेक्समध्ये फिरता आरसा होता, त्यामुळे शूटिंग चालू असताना लेन्समधून जे दिसतंय तेच कॅमेरामनला दिसायचं. याच घराण्यातला ‘टू-सी’ आपल्या इंडस्ट्रीत कित्येक वर्षं राबला. हातात धरा, झाडावर चढवा, गाडीला बांधा.

फक्त एक अडचण होती. हा कॅमेरा शिवणयंत्रासारखा खडखडायचा. त्याच्यासाठी ब्लिंप मिळत होता, पण तो घातला की हलकेपणाच गेला, आणि मग हा कॅमेरा घेतला कशाला?

म्हणून सेटवर फक्त ‘पायलट ट्रॅक’ घ्यायचे. कॅमेऱ्याच्या खडखडाटासकट, नुसता संदर्भापुरता कच्चा आवाज. नंतर चित्राचे छोटे तुकडे जोडून त्यांचे लूप करायचे. अंधाऱ्या डबिंग स्टुडिओत तेच दृश्य पुन्हा पुन्हा फिरायचं आणि नट ओठांशी जुळवत संवाद म्हणायचा. पायलट ट्रॅकचं काम तिथे संपलं.

म्हणजे चाळीसच्या दशकातल्या चित्रपटात तुम्ही नटाचा सेटवरचा श्वास ऐकता, आणि सत्तरच्या दशकातल्या चित्रपटात बरेचदा काही महिन्यांनंतरचा.

“ब्लिंप नव्हता म्हणून डबिंग आलं” हे वाक्य मात्र मी प्रबंधात लिहिणार नाही, कारण ते अर्धंच खरं आहे. आउटडोअरला बघ्यांची गर्दी आणि रहदारी असायची. नटांच्या तारखा तुटपुंज्या असायच्या. शॉट चालू असताना दिग्दर्शक ओरडून सूचना देऊ शकायचा. आणि एकदा सगळ्यांना डबिंगची सवय झाल्यावर सेटवर शांतता राखायची सवय मोडली. पुढे शांत कॅमेरे आले तरी ही सवय लगेच परत आली नाही. म्हणूनच आशुतोष गोवारीकरांच्या ‘लगान’ने (२००१) भुजजवळ, उघड्यावर, एवढ्या मोठ्या ताफ्यासह सेटवरचा आवाज वापरला, तेव्हा त्याची इतकी चर्चा झाली. त्या चित्रपटाला ध्वनिमुद्रणाचा राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला.

आणि आता माझी चूक

ते प्रकरण मी त्या चित्रपटावर काम केलेल्या ध्वनिमुद्रकांना वाचून दाखवलं. ते मध्येच म्हणाले, “अहो थांबा. तो ब्लिंप कॅमेऱ्याचा नाही, माझा आहे.”

ब्लिंपचा दुसराही एक अर्थ आहे. लांब गन माइकभोवती बसवायच्या जाळीदार, लांबट पिंजऱ्यालाही ब्लिंपच म्हणतात. काही जण झेपेलिन म्हणतात, म्हणजे तेही हवाई जहाजच! त्यावर बरेचदा केसाळ कव्हर चढवतात. तुम्ही बातम्यांत किंवा शूटिंगला बांबूच्या टोकाला लोंबणारं केसाळ जनावर पाहिलं असेल, तेच हे.

त्याचं काम वाऱ्यापासून वाचवणं. मरीन ड्राइव्हवरून फोन केला की पलीकडच्याला नुसतं ‘भर्रर्र’ ऐकू येतं ना? वारा माइकच्या पडद्यावर थेट आदळतो म्हणून तसं होतं. पिंजऱ्यामुळे माइकभोवती स्थिर हवेचा एक थर तयार होतो. वारा बाहेर अडखळतो, पण माणसाचा आवाज आत पोचतो.

गंमत बघा. कॅमेऱ्याचा ब्लिंप आतला आवाज आत कोंडतो आणि माइकचा ब्लिंप बाहेरचा वारा बाहेर ठेवतो. काम उलटं, नाव एकच. आणि एका चलनावरच्या ओळीतून निघणारा निष्कर्षही उलटा. वाऱ्याचा पिंजरा घरात लागत नाही. तो भाड्याने आणला होता, कारण माळावर खरा आवाज घ्यायचा होता. मी ज्या प्रसंगांना डब केलेले म्हणून मोकळी झाले होते, त्यांत नटांचे त्या दिवशीचे, त्या वाऱ्यातले आवाज होते. त्यातले एक ज्येष्ठ नट आज हयात नाहीत. माझ्या दोन पानांनी त्यांचा त्या दिवसाचा आवाज कागदोपत्री पुसून टाकला असता.

मी चलन पुन्हा काढून बघितलं. ‘ब्लिंप – १’च्या वरची ओळ होती ‘गन माइक – १’ आणि खालची ‘बूम रॉड – १’. कॅमेऱ्याचं सामान दुसऱ्या कागदावर होतं. उत्तर समोरच होतं. मी शब्द वाचला, शेजार वाचला नाही.

(तिसरा अर्थही सांगून टाकते. सेटवर स्थिरचित्रं काढणारे फोटोग्राफर आपल्या कॅमेऱ्याचा ‘खटॅक’ आवाज दाबायला जी पेटी वापरायचे, तिलाही साउंड ब्लिंप म्हणतात. आवाज न करणारे मिररलेस कॅमेरे आल्यावर तिची गरज जवळजवळ संपली.)

तुम्ही काय करून बघू शकता?

एखादा जुना चित्रपट लावा, आउटडोअरचा प्रसंग निवडा आणि डोळे मिटा. नट दूर गेला तरी आवाज तेवढाच जवळून येतोय का? धावून आल्यावरही दम अगदी बेतशीर लागतोय का? संवादांच्या मधल्या जागेत वारा, पक्षी, पावलं आहेत, की नुसती पोकळी? आवाज जवळचा आणि मधली जागा पोकळ असेल, तर तो बहुतेक डबिंग स्टुडिओतून आलाय. त्यासाठी त्या नटाला कमी लेखू नका. महिन्यांनंतर, अंधारात, तोच राग आणि तेच रडू पुन्हा आणणं हीसुद्धा मोठी कला आहे.

आणि तुमच्या घरात किंवा ओळखीत कोणी शूटिंगच्या सामानाचं काम केलेलं असेल, तर जुनी चलनं आणि वह्या रद्दीत देऊ नका. त्यातल्या एकेका ओळीवर एखाद्याचा आवाज कोणाचा आणि कधीचा, हे ठरू शकतं.

प्रकरण दुरुस्त केलंय. गाईडना अजून दाखवायचंय!