पडून राहिलेली चित्राक्षरे

गेल्या पौषात आमच्या एका वयोवृद्ध आप्तांच्या निधनाची वार्ता कुटुंबाच्या व्हॉट्सॲप समूहावर आली. मन गहिवरले, शब्द सुचेनात. म्हणून चित्राक्षरांच्या पेटीतून आसवे गाळणारा एक चेहरा निवडून आम्ही तो धाडून दिला. थोड्याच वेळात पुण्याहून नातीचा फोन आला, "आजोबा, ते आधी पुसून टाका! ते रडणे नव्हे. हसता हसता डोळ्यांत पाणी आलेले तोंड आहे." मुलांना शब्दांचे अर्थ सांगण्यात ज्याचे आयुष्य गेले, त्याने शोकाच्या घरी हसू पाठवावे! आम्ही तत्काळ वहिनींना फोन केला. त्यांनी उदार मनाने क्षमा केली, तरी आमच्या मनाची टोचणी गेली नाही.

पुढे दिवाळीच्या सुटीत नात अहेरीस आली, तेव्हा तिच्या साहाय्याने आम्ही ती पेटी नीट उघडून पाहिली. तीत तीन हजार सातशेहून अधिक चित्रे आहेत. आमच्या घरात वापर मात्र जेमतेम दहा-पंधरांचा! मग बाकीची तशीच का पडून राहतात?

जगाचीही गत निराळी नाही. ह्या चिन्हांची नोंद ठेवणाऱ्या युनिकोड संस्थेने २०२१ साली असे सांगितले की, एकंदर वापरापैकी सुमारे ८२ टक्के वापर अवघ्या शंभर चित्रांचा असतो. त्यांत अग्रस्थान आमची फजिती करणाऱ्या त्याच चेहऱ्याचे! संख्येने सर्वांत मोठा गट देशोदेशींच्या ध्वजांचा. पण सर्वांत कमी वापर त्याचाच. २०२२ साली संस्थेने नवे ध्वज स्वीकारणे बंद केले.

'इमोजी' हा शब्द जपानी आहे. 'ए' म्हणजे चित्र आणि 'मोजी' म्हणजे अक्षर. १९९९ साली डोकोमो ह्या कंपनीसाठी शिगेताका कुरिता यांनी केलेला १७६ चित्रांचा संच विशेष गाजला. २०१० साली युनिकोडने अशी शेकडो चित्रे स्वीकारली, तेव्हा जपानी संसारातील कितीतरी वस्तू त्यांबरोबर जगभर गेल्या. वापर न होण्याचे पहिले कारण हेच, परकेपणा. बालवाडीतील मुलांच्या छातीवरचा नावाचा बिल्ला, नवशिक्या वाहनचालकाची खूण, जपानी टपालकचेरी हे सारे तेथे आहे. परंतु आमच्या अहेरीच्या रानातील मोहाचे फूल वा तेंदूचे पान तेथे शोधून सापडणार नाही. पणती, साडी आणि ऑटोरिक्षा यांनादेखील २०१९ साल उजाडेपर्यंत तिष्ठावे लागले.

दुसरे कारण मंगलामंगलाचे. पेटीत शवपेटिका आहे, अस्थिकलश आहे. पण आपल्या घरांतून त्यांस कोण हात लावणार? जेथे मंगळसूत्र तुटले तरी 'वाढले' म्हणावयाचे आणि निघताना 'जातो' न म्हणता 'येतो' म्हणावयाचे, तेथे असली चित्रे पाठविण्यास बोट धजत नाही.

तिसरे कारण अर्थाची अनिश्चितता. एकदा तोंडघशी पडलेला मनुष्य पुन्हा त्या वाटेस जात नाही. आमच्यासारखे वडीलधारे मग सर्व प्रसंगी जोडलेल्या हातांचाच आश्रय करतात. बारसे असो वा बारावा, नमस्कार सुरक्षित!

तरी न वापरलेले ते निरुपयोगी, असे म्हणू नये. आपल्या वर्णमालेत 'ऌ' हे अक्षर 'क्लृप्ती'सारख्या एखाद्याच शब्दाच्या आधाराने जगले आहे आणि दीर्घ 'ॡ'ला तर तेवढाही आधार नाही; केवळ जोडी पुरी व्हावी म्हणून ते पंक्तीत बसले आहे. परक्या देशाचा ध्वज आपणांस वर्षानुवर्षे लागणार नाही. परंतु ज्याचा मुलगा त्या देशी आहे, त्याला त्या देशाच्या सणादिवशी तोच हवा असतो.

खरे मर्म नैयायिकांनी केव्हाच सांगून ठेविले आहे. शब्दातून अर्थाचा बोध होतो तो संकेतामुळे. 'ह्या शब्दाने हा अर्थ समजावा' असे ठरलेले नसेल, तर शब्द नुसता ध्वनी राहतो. चित्राचेही तसेच. पाठविणारा आणि घेणारा यांच्यात संकेत नसेल, तर उत्तम चित्रही मुके राहते.

याचा प्रत्यय घरीच आला. पेटीत एक पांढरे फूल आहे. आमच्या घरी कोणी ते कधी वापरलेले नव्हते. नातीने शोधून सांगितले की, हे साधे फूल नव्हे. जपानी शिक्षक मुलाच्या चांगल्या उत्तरावर जो 'उत्तम' असा शिक्का मारतात, तो हा! आम्ही क्षणभर स्तब्ध झालो. आमच्या व्यवसायाची खूण आमच्याच खिशात इतके दिवस निजून होती. आता धाकटा नातू शुद्धलेखनाचे पान लिहून त्याचे छायाचित्र पाठवितो, तेव्हा आम्ही ते फूल पाठवितो. त्याला अर्थ ठाऊक आहे. म्हणून ते आमच्यापुरते जिवंत झाले आहे.

वाचकांस एवढीच विनंती की, घरातील लहानथोरांनी एकदा एकत्र बसून आपापली चिन्हे एकमेकांस समजावून द्यावीत. मुलांनी हसू नये, वडिलांनी लाजू नये. आणि कोणाच्या घरी दुःख झाले असेल, तर पेटी मिटून ठेवावी व स्वतःच्या दोन ओळी लिहाव्यात. वहिनींना आम्ही नंतर पोस्टकार्ड पाठविले. ते त्यांनी देवघरात जपून ठेविले आहे, असे कळते.