इव्हॉन रेनर : नृत्याकडून चित्रपटाकडे

नृत्यातून भावदर्शन हद्दपार करू पाहणाऱ्या अमेरिकन कलावती इव्हॉन रेनर यांनी पुढे मत्सर, विरह, क्रोध यांसारख्या भावनांसाठीच चित्रपटाचा आश्रय घेतला. हा वरवर दिसणारा विरोध त्यांच्या कारकिर्दीचा अभ्यास करताना प्रथम उलगडावा लागतो.

रेनर यांचा जन्म १९३४ साली सॅन फ्रान्सिस्को येथे झाला. १९६२ साली न्यूयॉर्कच्या जडसन मेमोरियल चर्चमध्ये तरुण नर्तकांनी जे प्रयोग आरंभिले, त्यांत त्या अग्रभागी होत्या. चालणे, धावणे, इतकेच नव्हे तर गाद्या वाहून नेणे यांसही तेथे नृत्याचा दर्जा लाभला. १९६६ मधील ‘ट्रायो ए’ ही सुमारे पाच मिनिटांची रचना या विचाराची परिणती होय. तीत कोणतीही हालचाल कळसास पोहोचत नाही, मध्ये विसावा नाही, आणि नर्तकाची नजर प्रेक्षकाच्या नजरेस एकदाही मिळत नाही. ही रचना सोपी भासते; शिकावयास मात्र ती अत्यंत अवघड आहे. नर्तकाने स्वतःस प्रदर्शनाची वस्तू होऊ द्यावयाचे नाही, हा त्या नजरेच्या नकाराचा अर्थ. त्याच वर्षी आजारपणात इस्पितळात असताना त्यांनी केवळ एका हाताच्या हालचालींचा मूक लघुपट केला. चेहरा तेथेही वर्ज्यच होता.

परंतु चेहऱ्याबरोबर मनुष्याचे अंतरंगही रंगमंचाबाहेर राहिले, ही उणीव लहान नव्हे. १९७१ च्या प्रारंभी रेनर भारतात आल्या. येथे पाहिलेल्या कथकलीने त्या भारावून गेल्या. डोळे व भुवया यांच्या नियमबद्ध चलनातून उत्कट भाव प्रकट होऊ शकतो आणि तरीही तो नटाचा खाजगी उमाळा ठरत नाही, ही गोष्ट त्यांच्या पुढील शोधास पोषक ठरली असावी, असे मानण्यास जागा आहे.

१९७२ च्या ‘लाइव्ह्ज ऑफ परफॉर्मर्स’ या पहिल्या दीर्घ चित्रपटात प्रेमाचा त्रिकोण आहे. पण पात्रांचे चेहरे निर्विकार, आणि त्यांची मनोगते दृश्याहून अलग अशा ध्वनिपट्टीवर ऐकू येतात. भावना आली, ती अभिनयावाचून आली. १९८५ च्या ‘द मॅन हू एन्व्हीड वीमेन’ मध्ये तर नायिका पडद्यावर दिसतच नाही. केवळ तिचा आवाज ऐकू येतो. स्त्रीदेहाकडे पाहणाऱ्या चित्रपटीय दृष्टीवर लॉरा मल्व्ही यांनी १९७५ साली केलेल्या टीकेस रेनर यांनी दिलेले हे उत्तर ‘ट्रायो ए’ मधील नकाराचेच विस्तारित रूप आहे. या चित्रपटातील सैद्धांतिक अवतरणांचा भार कधीकधी दृश्यास पेलत नाही, हेही खरे. त्या मानाने रजोनिवृत्ती व वर्णभेद यांची सांगड घालणारा ‘प्रिव्हिलेज’ (१९९०) अधिक प्रवाही झाला आहे.

१९९६ नंतर त्यांनी दीर्घ चित्रपट केला नाही. २००० साली मिखाइल बारिश्निकोव्ह यांच्या नृत्यसंस्थेकरिता रचना करून त्या पुन्हा नृत्याकडे वळल्या. पुढे वयाची पंचाहत्तरी उलटल्यावर त्यांनी ‘ट्रायो ए’ चा एक वार्धक्यातील पाठ सादर केला. त्यात त्या नाचता नाचता प्रेक्षकांशी बोलत.