थंडी आणि तान्ह्या बाळाची ऊब



गळीत हंगाम ऐन भरात येतो, तेव्हाच सिन्नर-निफाड पट्ट्यात कडाक्याची थंडी पडते. त्याच दिवसांत बीड, पाथर्डी, चाळीसगाव, कन्नड भागांतून आलेल्या तोडणी कामगारांच्या कोप्या आपल्या फडाशेजारी असतात. त्यांत तान्ही बाळेही असतात. म्हणून थंडीत शरीर ऊब कशी राखते, ते आम्ही येथे थोडक्यात देत आहोत.

शरीराचे काम आपल्या बॉयलरसारखेच. बगॅस जाळून वाफ धरावी लागते, तसे अन्न जाळून अंगात सुमारे 37 अंश सेल्सिअस उष्णता राखावी लागते. गारठा लागला की कातडीतल्या रक्तवाहिन्या आकसतात, मग हुडहुडी भरते. हुडहुडी म्हणजे स्नायूंनी साखर व चरबी जाळून ऊब करणे.

नवजात बाळाला मात्र नीट हुडहुडी भरत नाही. त्याची सोय वेगळी आहे. चरबी दोन प्रकारची असते. पांढरी चरबी म्हणजे गोदामातला साठा. तपकिरी चरबी म्हणजे पेटती भट्टी. ती बाळाच्या मानेशी, दोन खवाट्यांच्या मध्ये आणि मूत्रपिंडांभोवती असते. मोठ्या माणसांतही ती थोडी टिकते, हे 2009 साली शास्त्रज्ञांनी दाखवून दिले. या भट्टीला प्राणवायू आणि जळण दोन्ही भरपूर लागते. दिवस भरण्याआधी जन्मलेल्या, कमी वजनाच्या बाळाजवळ हे जळण फार थोडे. ते सरले की बाळ गार पडते, मलूल होते, दूध ओढत नाही.

ओळखायचे कसे? पावले गार पण पोट ऊबदार, तर सावध व्हावे. पोटही गार लागले, तर धोका समजून लगेच 108 ला फोन करावा. गाडी येईपर्यंत बाळाला टोपडे घालून आईच्या उघड्या छातीशी धरावे, वरून गोधडी घ्यावी, ओढत असेल तर अंगावर पाजावे. कोलंबिया देशात बोगोटा येथे 1978 साली काचेच्या पेट्या अपुऱ्या पडल्या, तेव्हा डॉक्टरांनी हाच मार्ग धरला. आज तो जगभर मान्य आहे. कोपीत शेकोटी मात्र नको; धूर बाळाला बाधतो आणि पाचट पेटायला वेळ लागत नाही.

सभासदांना आमची विनंती एवढीच : कोप्यांना पाटापासून दूर, वाऱ्याच्या आडोशाची कोरडी जागा द्या. बाळंतीण असेल त्या कुटुंबाला वस्तीवर एखादी खोली मिळाली तर उत्तम. पहाटेच्या गारठ्यात बाळ बांधावरच्या झोळीत राहू नये, म्हणून तिला ऊन पडल्यावर फडात येऊ द्यावे, असे मुकादमाला सांगा. दोन मोळ्या उशिरा बांधल्या तरी चालतील.

— ऊस विकास अधिकारी