भूवैकुंठ आणि जन्नत

मंडळी, 'पृथ्वीवरचा स्वर्ग' ही कल्पना आज आपण दोन बाजूंनी पाहू.

अरबी 'जन्नत'चा मूळ अर्थच बाग. 'फिरदौस' जुन्या इराणी भाषेतून आला; तिथे त्याचा अर्थ भिंतीने वेढलेली जागा. रखरखीत मुलखातल्या माणसाला सावली आणि वाहतं पाणी याहून मोठं सुख कुठलं? छत्रपती संभाजीनगरच्या बीबी का मकबऱ्याभोवतीची चारबाग आठवा. पण ती बाग म्हणजे स्वर्ग नव्हे, स्वर्गाची खूण. खरी जन्नत कयामतीनंतर.

वारकरी दुसऱ्या टोकाने येतो. पंढरपूर हेच त्याचं भूवैकुंठ. पुंडलिकासाठी देव खाली आला आणि विटेवर थांबला. मग वर जायचं कशाला? इथे भिंत नाही, वाट आहे. मुसलमान घरात जन्मलेले श्रीगोंद्याचे शेख महंमद याच परंपरेत संतकवी म्हणून मानले जातात.

आता आपल्या दाराशी या. देहू आणि आळंदी, दोन्ही इंद्रायणीकाठी. एका अंगाला पिंपरी-चिंचवड, दुसऱ्या अंगाला चाकण. आळंदीत नदीवर तरंगणारा पांढरा फेस आपण सर्वांनी पाहिलाय. कुराणात माणूस पृथ्वीवर नेमलेला प्रतिनिधी आहे, आणि वारकऱ्याला तर भूमीच वैकुंठ. दोघांच्याही हिशेबात हा फेस बसत नाही. नदी पवित्र आहे, म्हणजे ती आपोआप स्वच्छ राहील, असं आम्ही धरून चाललो. चूक तिथे झाली. स्वर्ग खाली असेल, तर त्याची झाडलोटही आपल्याकडेच येते.