गाळ्यांचा लिलाव आणि आपला हक्क

बारामती आणि इंदापूर ही पुणे जिल्ह्याच्या पूर्वेकडची दोन जुनी गावे. दोन्हीकडे नगरपरिषद आहे आणि भरलेली बाजारपेठ आहे. या बाजारात आपले कितीतरी बांधव हातगाडी लावतात, भगिनी जमिनीवर पोते अंथरून भाजी नि बांगड्या विकतात. उन्हापावसात बसणाऱ्या प्रत्येकाच्या मनात एकच इच्छा असते, रात्री कुलूप लावता येईल असा एक गाळा आपल्या नावावर असावा. पण नगरपरिषदेच्या गाळ्यांचा लिलाव कधी निघतो आणि कधी संपतो, हेच पुष्कळांना कळत नाही. कळते तेव्हा गाळ्यावर दुसऱ्याची पाटी लागलेली असते.

आम्हीही हे भोगले आहे. काही वर्षांपूर्वी एका गावच्या कार्यालयात आम्ही लिलावाची चौकशी करायला गेलो. अनामतीसाठी घरातल्या बायकांनी भिशीचे पैसे उचलून दिले होते. "लिलाव परवाच झाला, नोटीस लावली होती," असे उत्तर मिळाले. नोटीस लावली होती खरी, पण आतल्या खोलीत, कपाटाच्या आड. आम्ही नशिबाला बोल लावत घरी परतलो. आज वाटते, तिथेच आमचे चुकले. त्याच दिवशी एक अर्ज तरी द्यायला हवा होता.

नगरपरिषदेची मालमत्ता कोणाची, हा प्रश्न आपल्याला नवा नाही. महाडचे चवदार तळे आठवा. १९२७ च्या सत्याग्रहानंतर तळ्याचा वाद न्यायालयात गेला. तळे नगरपालिकेच्या मालकीचे ठरले. अस्पृश्यांना पाणी न भरू देण्याची रूढी अनादिकालापासूनची आहे, हा फिर्यादींचा दावा मुंबई उच्च न्यायालयाने १७ मार्च १९३७ रोजी फेटाळला. सार्वजनिक वस्तूवर मूठभरांचा मक्ता चालणार नाही, यासाठी बाबासाहेबांनी दहा वर्षे कज्जा लढवला. गाळा ही देखील सार्वजनिक वस्तूच आहे.

आता कायदा काय म्हणतो ते पाहू. महाराष्ट्र नगरपरिषदा अधिनियम, १९६५ याच्या कलम ९२ प्रमाणे राज्य शासनाच्या मंजुरीशिवाय नगरपरिषदेला आपली स्थावर मालमत्ता हस्तांतरित करता येत नाही. तशा प्रस्तावाला एकूण नगरसेवकांपैकी दोन तृतीयांश जणांचा ठराव लागतो. तीन वर्षांपर्यंतच्या भाडेपट्ट्याला शासनाची मंजुरी लागत नाही, पण भाडेकरूला तेथे पक्के बांधकाम करता येत नाही. एखादा ठराव बेकायदा किंवा लोकहिताविरुद्ध असेल, तर कलम ३०८ खाली जिल्हाधिकारी त्याची अंमलबजावणी थांबवू शकतात.

याच्याही वर राज्यघटनेचे कलम १४ आहे, कायद्यापुढे सर्व समान. या कलमाचा लिलावाशी काय संबंध, ते सर्वोच्च न्यायालयाने ४ मे १९७९ च्या निकालात सांगितले. मुंबईच्या सांताक्रूझ विमानतळावर एक उपाहारगृह आणि दोन स्नॅक बार चालवायला देण्यासाठी १९७७ साली निविदा मागवल्या होत्या. पाच वर्षांच्या अनुभवाची अट होती. ठेका मिळाला तो ही अट पुरी न करणाऱ्याला. रमणा दयाराम शेट्टी न्यायालयात गेले. सरकारी संस्थेने स्वतः घातलेली अट स्वतःच मोडता कामा नये, आपल्या मर्जीतल्या माणसाला सार्वजनिक लाभ वाटता येणार नाही, असे न्यायमूर्ती पी. एन. भगवती यांच्या निकालात ठरले. तरीही ठेका रद्द झाला नाही. अर्जदार पाच महिन्यांहून अधिक उशिराने आला आणि तोवर ठेकेदाराने खर्च केला होता, ही त्यामागची महत्त्वाची कारणे. तत्त्व जिंकले, पण अर्जदार हरला. आपण लक्षात ठेवायचे ते हेच.

लिलाव उघडपणे झाला तर काय होते, याचा दाखला १९८५ च्या हरियाणातील खटल्यात आहे. तेथे खाणीचा पट्टा एका खासगी पत्रावरून वर्षाला साडेचार लाख रुपयांना दिला होता. सर्वोच्च न्यायालयाने आपल्यासमोरच बोली लावायला सांगितली, आणि ती २५ लाखांवर गेली! मधला फरक जनतेच्या तिजोरीतून जाणार होता. नगरपरिषदेतही तसेच आहे. गाळे संगनमताने स्वस्तात गेले, तर वस्तीच्या नळाला आणि गटाराला पैसा कुठून येणार?

बंधू-भगिनींनो, मग करायचे काय? लिलावाचा सुगावा लागताच नोटिशीची आणि अटींची नक्कल मागा. कमीत कमी बोली किती, अनामत किती, राखीव गाळे आहेत का, हे लेखी विचारा. माहितीच्या अधिकाराच्या २००५ च्या कायद्याने दहा रुपयांत अर्ज करता येतो, आणि साधारण ३० दिवसांत उत्तर मिळायला हवे. लिलाव तोंडावर असेल तर तेवढी वाट पाहू नका. मुख्याधिकारी आणि जिल्हाधिकारी यांना तक्रार द्या आणि पोच घ्या. सर्वांत मोठी बोली लावली म्हणजे गाळा मिळालाच असे नाही. पण बोली नाकारायला योग्य कारण असावे लागते, आणि ते विचारण्याचा आपल्याला अधिकार आहे.

वकिलाच्या खर्चाला भिऊ नका. अनुसूचित जातीच्या व्यक्तींना आणि सर्व स्त्रियांना, उत्पन्न कितीही असो, १९८७ च्या विधी सेवा कायद्याखाली मोफत वकील मिळतो. १९९० च्या दुरुस्तीनंतर बौद्धांनाही अनुसूचित जातीचा दर्जा आहे. तालुक्याच्या न्यायालयातील विधी सेवा समितीकडे अर्ज करा. प्रकरण उच्च न्यायालयात न्यायचे झाले, तरी तेथेही अशी समिती आहे.

घरात शिकलेली मुलगी असेल तर नगरपरिषदेचा नोटीस फलक आठवड्यातून एकदा वाचायचे काम तिच्याकडे द्या. दिसेल ते तिने वहीत तारखेसह टिपावे आणि संध्याकाळी वस्तीत वाचून दाखवावे. आम्ही त्या दिवशी रिकाम्या हाताने परतलो. तुम्ही परतू नका.